तुम्ही विचारलंत म्हणून: नवऱ्याने तिकडे केस टाकलीय, इकडे आणता येते का?

लग्नाच्या पंगतीत बसले तरी शेजारची बाई हळूच विचारते, "ताई, वकील ना तुम्ही? भाचीच्या नवऱ्याने पुण्यात घटस्फोटाची केस टाकलीय, ती माहेरी नाशिकला, कडेवर लहान पोर, केस इकडे आणता येते का?"

येते, बऱ्याचदा येते. पण त्यासाठी पुण्याच्या जजसाहेबांना हात जोडून उपयोग नाही, ते आपल्यापुढची केस आपणहून दुसऱ्या गावी धाडू शकत नाहीत, वरच्या कोर्टात अर्ज करावा लागतो. बार्शीची केस पंढरपूरला न्यायचीय, म्हणजे जिल्ह्यातल्या जिल्ह्यात, तर जिल्हा न्यायालय. पुणे ते नाशिक असेल तर हायकोर्ट, सिव्हिल प्रोसिजर कोडचं, म्हणजे दिवाणी कामकाजाच्या कायद्याचं, कलम 24. आणि नवऱ्याने सुरत नाहीतर हैदराबादला टाकली असेल तर थेट सुप्रीम कोर्ट, कलम 25, कारण हायकोर्टाला परराज्यातल्या कोर्टात केस पाठवता येत नाही, हे 2008 च्या दुर्गेश शर्मा विरुद्ध जयश्री निकालात स्पष्ट झालंय.

दिल्ली म्हटलं की घरच्यांचे पाय गळतात. अहो, जायचं वकिलाने असतं, तुम्ही नाही. आणि बाईला सरकारी खर्चाने वकील मिळतो, 1987 च्या विधी सेवा कायद्यात कलम 12 आहे, तिथे बाईचं उत्पन्न विचारत नाहीत, सुप्रीम कोर्टातही त्यासाठी वेगळी समिती आहे. हे सांगितलं की लोक माझ्याकडे संशयाने बघतात, फुकट म्हणजे काहीतरी गोम असणार! गर्दी मात्र खरी आहे. 2022 च्या नोव्हेंबरात सुप्रीम कोर्टात केस हलवायचे सुमारे 3000 अर्ज पडून होते, म्हणून तेव्हाचे सरन्यायाधीश चंद्रचूड यांनी प्रत्येक बेंचने रोज 10 ऐकायचे असं ठरवलं होतं.

आता कारण काय लिहायचं. "गैरसोय होते" एवढ्यावर भागवणारे अर्ज मी खूप बघितलेत, त्यातून जजला काय कळणार? बाळ किती महिन्यांचं, तारखेला सोबत कोण येणार, वडिलांचं ऑपरेशन झालंय का, स्वतःची कमाई किती, हे कागदासकट लिहा. पोटगीची किंवा डीव्हीची, म्हणजे घरगुती हिंसाचाराची, केस माहेरच्या गावी आधीच चालू असेल तर बाजू भक्कम होते, नवरा त्या तारखेला इकडे येतोच आहे ना. साधारण बायकोची सोय बघायची हे सुप्रीम कोर्टाने 2022 मध्येही म्हटलंय, पण याच कोर्टाने 2006 मध्ये या सवलतीचा गैरफायदा घेतला जातोय असंही सुनावलं होतं, त्यामुळे बाई आहे म्हणून आपोआप मिळेल असं धरून चालू नका. कधीकधी कोर्ट केस जागेवरच ठेवतं आणि नवऱ्याला जाण्यायेण्याचा खर्च द्यायला लावतं, किंवा व्हीसीवर, म्हणजे व्हिडिओ कॉलवरून, हजर राहा म्हणतं. माझ्या मते केस पुराव्याच्या टोकाला आली असेल, उलटतपासणी झाली असेल, तर खर्चच मागावा, अशा वेळी फाईल हलवून स्वतःचंच नुकसान होतं. नवरेही विचारतात, आम्हाला नाही का? आहे की, कलमात बाई-पुरुष लिहिलेलं नाही, अंथरुणाला खिळलेली आई घरी असेल तर तेही मांडता येतं.

सगळ्यात जास्त फसतात ते तारखेत. इकडे अर्ज टाकला म्हणजे तिकडची केस थांबली, असं समजून माणसं पुण्याला जायचंच सोडतात आणि तिथे एकतर्फी निकाल होऊन बसतो. स्टे वेगळा मागायचा, आणि तो हातात पडेपर्यंत तिकडे वकील उभा राहिलाच पाहिजे.

ऑर्डर झाल्यावर पेढे वाटतात, मग थोड्या दिवसांनी घाबरून फोन येतो, "ताई, कोर्टाच्या ॲपवर केस डिस्पोज्ड दाखवतंय, संपली का?" संपली नाही, जुन्या कोर्टाच्या खात्यातून उतरलीय. ऑर्डरची सर्टिफाइड कॉपी आधी जुन्या कोर्टात द्या, फाईल कोणत्या तारखेला, कोणत्या जावक नंबरने निघाली ते क्लार्ककडून लिहून घ्या, मग नव्या कोर्टात जाऊन आवक झाली का विचारा. तिथे केसला नवा नंबर पडतो, ॲपवर तोच टाकायचा, जुना टाकून बसलात तर पुढची तारीख कधीच दिसणार नाही.