मशीन शून्य दाखवत होतं

स्टिअरिंग थरथरलं तर पुढची चाकं बघायची, बूड थरथरलं तर मागची. दुकानात नवीन आलेल्या पोराला पहिल्या आठवड्यात आम्ही हे सांगतो. मीच सांगतो. आणि तरी यंदा एक स्विफ्ट चार वेळा माझ्या रॅम्पवर चढली. तिची मागची चाकं मला दिसली ती चौथ्या खेपेला, एका रिटायर्ड एसटी ड्रायव्हरनं जवळजवळ कान धरल्यावर.

दुकान जालन्यात, अंबड चौफुलीच्या बाजूला. टायर, अलाइनमेंट, बॅलन्सिंग. समृद्धी महामार्ग सुरू झाल्यापासून गिऱ्हाईक बदललं आहे. पूर्वी तार बाहेर येईपर्यंत कोणी टायरकडे बघायचं नाही. २०२३ साली आरटीओवाल्यांनी समृद्धीच्या एंट्रीवर टायर तपासायला आणि गोटा, म्हणजे नक्षी झिजलेल्या, टायरच्या गाड्या माघारी धाडायला सुरुवात केली. तेव्हापासून घामाघूम माणसं येतात, "नागपूरला लग्न आहे, अर्ध्या तासात चारी बदला." तपासतात ते बरंच आहे. नक्षी १.६ मिलिमीटरच्या खाली गेली की टायर बाद, तसा नियमच आहे. पण गाडीपुढे उभं राहून नक्षी दिसते, हवा दिसत नाही. कमी हवेवर १२० नं गाडी पळवली की साइडवॉल सारखी दुमडत राहते, तापते आणि मग फुटते. हवा कमी ठेवणाराच वर विचारतो, "नायट्रोजन भरता का?" अरे बाबा, आपल्या साध्या हवेतही ७८ टक्के नायट्रोजनच असतो. आधी थंड टायरमध्ये दरवाजाच्या पट्टीवर लिहिलेली हवा तरी भर.

तर स्विफ्ट. बेस मॉडेल, कंपनीकडून १६५/८० आर १४ टायर आणि लोखंडी डिस्क. गाडी बापाच्या नावावर, हौस पोराची. त्याला मॅगव्हील, म्हणजे अलॉयची चाकं, हवी होती, तीही १७ इंची, २०५/४५ टायरवाले. असं कोणी आलं की मला चेव येतो. मी काउंटरवरचा पॅड ओढतो आणि हिशेब मांडतो. रुंदी १६५ मिलिमीटर, तिच्या ८० टक्के म्हणजे १३२ ही साइडवॉलची उंची. वर एक, खाली एक, म्हणून दुप्पट २६४. त्यात १४ इंचांचे ३५५.६ मिळवले की चाक ६१९.६ मिलिमीटर उंच. २०५/४५ आर १७ हे ६१६ भरतं. म्हणजे उंचीत बसतं, स्पीडोमीटरही फारसं चुकत नाही. गिऱ्हाइकाचा चेहरा इथं फुलतो. मग मी पुढची ओळ लिहितो. साइडवॉल १३२ वरून ९२ वर आली. खड्डा आला की दणका झेलायला रबरच उरलं नाही, तो सरळ रिमला जाणार. शिवाय त्या साइजच्या साध्या टायरवर ८४ हा आकडा असतो. ८४ म्हणजे एका टायरला ५०० किलो. मूळच्या टायरवर ८५ होता, म्हणजे ५१५ किलो. दिसायला पैलवान आणि उचलायला कमी.

शेवटी आमचं १६ इंचावर जमलं. १९५/५५ आर १६, उंची ६२०.९, भार ८७ म्हणजे ५४५ किलो. मूळ चाकापेक्षा दीड मिलिमीटरसुद्धा फरक नाही. आजही हा हिशेब मला नकाशासारखा सुंदर वाटतो. मॅगव्हीलचा सेट त्यानं संभाजीनगरहून जुना आणला, टायर माझ्याकडून घेतले. मी सेट तपासून घेतला. चार बोल्टचं वर्तुळ १०० मिलिमीटर, बरोबर. (जुन्या पॅलिओचं ९८ होतं. दोन मिलिमीटरनं काय होतंय म्हणून लोक १०० चे ठोकून बसवायचे आणि मग बोल्ट आपोआप ढिले व्हायचे.) ऑफसेट, म्हणजे चाक किती आत-बाहेर बसतं ते, ठीक, स्टिअरिंग पूर्ण वळवून चाक कुठं घासत नव्हतं. नटचा आटा १२ बाय १.२५, मारुतीचा. ह्युंदाईचा १.५ असतो. तो मारुतीच्या बोल्टवर दोन आटे गोड चढतो आणि मग अडतो. आमची पोरं तिथं थांबायचं सोडून नट आवळायची गन लावतात, बोल्ट गेला. या गाडीचं सगळं जुळत होतं. मधल्या भोकात प्लॅस्टिकच्या रिंगा होत्या, चारी. त्या मी बघितल्या आणि मान हलवली.

पाच-सहा महिन्यांनी टायरांची अदलाबदल करायला गाडी आली. पुढचे मागं, मागचे पुढं, चारी बॅलन्सिंग. अर्ध्या तासाचं काम. मी दुकानात नव्हतो.

त्यानंतर पंधरा दिवसांत पोरगा आला, "गाडी व्हायब्रेट होते." कुठं होते विचारलं तर म्हणाला, "स्टिअरिंगलाच बहुतेक." पुढची दोन चाकं काढली, बॅलन्सिंग मशीनवर चढवली. एकात पाच ग्रॅमचा फरक, दुसऱ्यात शून्य. रिमला शिशाचं वजन लावलं, पाठवून दिलं. आठवड्यानं परत. मग चारी काढली, चारी शून्य-शून्य, अलाइनमेंट पुन्हा केलं. या वेळी त्याचा फोन आला की फरक पडला. मला बरं वाटलं. दहा दिवसांनी तिसऱ्यांदा आला तेव्हा म्हणाला, पूर्वीपेक्षा जास्त आहे.

तिसऱ्या खेपेला मी जे केलं ते लिहायला जड जातं. मशीन शून्य दाखवतंय, अलाइनमेंट हिरवं आहे आणि गाडी हलते आहे. अशा वेळी आमच्या धंद्यात एक वाक्य हाताशी असतं: "टायर आतून बसलाय." हे खरंही असतं. आतला पट्टा सुटला की टायर अंडाकृती होतो आणि वरून काही दिसत नाही. पण ते चाक फिरवून, टेकू लावून बघायचं असतं. मी हातानं चाचपलं आणि सांगून टाकलं. मागच्या दोन टायरांच्या कडेला जरा जास्त झीज होती. दोन नवीन टायर घातले, बारा हजारांच्या आतबाहेर. नवीन जोडी मागं घातली, हा माझा नियम. पोरानं निमूट पैसे दिले. जुने दोन आमच्याकडेच ठेवून गेला, "घरात जागा नाही." थरथर पुन्हा कमी झाली. आपलं निदान बरोबर निघालं म्हणून मी त्या दिवशी दुकानातल्या सगळ्यांना चहा पाजला.

चौथ्या खेपेला बापच आला. मे महिना, सकाळचे साडेनऊ, तरी रॅम्पचं लोखंड हाताला चटके देत होतं. एसटीत तीस वर्षं काढलेला माणूस, पांढरा शर्ट, खिशात चष्म्याचं घर. आल्या आल्या मागची चाकं बघितली.

"नवीन टायर मागं कामून घातले?"

"मामा, पावसात मागची पकड सुटली की गाडी फिरते. पुढची सुटली तर सरळ जाते, ब्रेकनं आवरता येते. म्हणून चांगले मागं."

"एसटीत नवीन पुढं आन् रिमोल्ड मागं. पुढचा फुटला तर गाडी हातात राहत नाही."

दोघांचंही खरं होतं. बसचं गणित वेगळं, मागं जोडीनं टायर असतात. पण उन्हात उभं राहून वाद घालायची माझी तयारी नव्हती. मी विचारलं, "हलतं कुठं? स्टिअरिंगला?"

"स्टिअरिंग धुतल्या तांदळासारखं आहे. बूड हलतंय. पोराला हेच सांगून धाडलं होतं."

पोरगा काउंटरवर उभं राहून 'बूड' कसं म्हणेल? त्यानं 'व्हायब्रेट' म्हटलं आणि पुढचं आम्ही धरून चाललो.

मामा म्हणाले, चला. मंठा रोडला गाडी काढली. मी शेजारी बसायला गेलो तर म्हणाले, "मागं बस." बावीस वर्षांच्या धंद्यात गिऱ्हाइकाच्या गाडीत मी मागं बसून चाचणी कधी घेतली नव्हती. सत्तरपर्यंत काही नाही. ऐंशीच्या पुढं सीटखाली गुणगुण सुरू झाली आणि नव्वदला पिठाच्या चक्कीवर बसल्यासारखं झालं. नव्वदला हे चाक सेकंदाला जवळजवळ तेरा फेरे घेतं; एका फेऱ्याला एक दणका. पुढं मामांचे दोन्ही हात स्टिअरिंगवर निवांत होते. आरशातून माझ्याकडे बघून म्हणाले, "लंगडती का नाही?"

दुकानात आल्यावर मागची बाजू जॅकवर घेतली. विटेवर मोठा स्क्रू-ड्रायव्हर टेकवून त्याचं टोक रिमच्या कडेला जेमतेम न लागेल असं धरलं आणि चाक हातानं सावकाश फिरवलं. एका बाजूला टोक खर्रकन घासलं, समोरच्या बाजूला मधून नाणं गेलं असतं. दुसरं चाक, तेच. टायरचा संबंधच नव्हता. रिमच मधोमध बसलेली नव्हती.

चाक काढलं. मागं रिंग नव्हती. दुसऱ्यातही नव्हती.

बाजारातले मॅगव्हील एका साच्यात अनेक गाड्यांसाठी काढतात, म्हणून मधलं भोक मोठं ठेवतात. या सेटचं ७३.१ मिलिमीटर. स्विफ्टच्या हबचा, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या भागाचा, खांदा ५४.१. मधली साडेनऊ मिलिमीटरची फट ती प्लॅस्टिकची रिंग भरते, चाक हबवर नेमकं बसवते. रिंग नसली की चाक चार नटांच्या भरवशावर लटकतं. नटांच्या निमुळत्या तोंडामुळे ते मधोमध येऊही शकतं, जर चाक अधांतरी असताना समोरासमोरचे नट हातानं थोडे थोडे आवळले तर. आमच्याकडे काय होतं? पहिल्या नटावर गन, टर्रर्र, संपलं. चाक जिथं ओढलं गेलं तिथं घट्ट. म्हणून दर खेपेला काढून लावलं की थरथर बदलायची. कधी नशिबानं चाक जवळपास मध्यात बसायचं, तेव्हा मला वाटायचं मी दुरुस्त केलं.

आणि मशीन? मशीनचा शंकू चाकाच्या भोकात बसतो. मशीनला भोकाचा मध्य कळतो, गाडीवर ते चाक कुठं लटकतंय ते कळत नाही. शून्य खरंच होतं. ते वेगळ्या प्रश्नाचं उत्तर होतं.

नवीन रिंगा आणायला दुकानातला पोरगा पाठवणार होतो, तेवढ्यात आठवलं. बॅलन्सिंगला चाक चढवताना शंकू नीट बसावा म्हणून आमची पोरं रिंग उपसून बाजूला ठेवतात. बाजूला म्हणजे मशीनखालच्या बिस्किटाच्या डब्यात, जिथं व्हॉल्व्हच्या टोप्या आणि काढलेलं शिसं पडतं. डबा ओतला. टोप्यांमध्ये दोन काळ्या रिंगा होत्या. कॅलिपर लावला, बाहेरून ७३.१, आतून ५४.१. हबला चिकटणाऱ्या गंजाचा तांबूस थर अजून आतल्या कडेला होता.

मामा दोन हातांवर उभे होते.

मी हब ब्रशनं घासला, रिंगा बसवल्या. नट हातानं फिरवले, गाडी खाली घ्यायच्या आधी समोरासमोर आवळले, शेवटी टॉर्क पान्हा. गन खुंटीलाच राहिली. मंठा रोडला परत गेलो, या वेळी न सांगता मी मागं बसलो. शंभरला मामांनी स्टिअरिंगवर एक बोट ठेवलं. खाली काही नव्हतं.

"काय निघालं?" त्यांनी विचारलं.

"रिंगा नव्हत्या, मामा."

मी एवढंच बोललो. वाक्य खोटं नाही. पण 'नव्हत्या' आणि 'आम्ही काढून ठेवल्या होत्या' यांत बारा हजारांचं अंतर आहे आणि ते मला बोलताना माहीत होतं. मजुरी घेतली नाही. त्यांनी आग्रह केला, मी नको म्हटलं, आणि त्यांच्या डोळ्यांत मी प्रामाणिक दुकानदार ठरलो. डबा ओतला तेव्हा ते बघत होते की रस्त्याकडे बघत होते, हे मला अजून ठरवता येत नाही. तीस वर्षं आरशात बघून गाडी चालवलेला माणूस.

त्या रात्री पोरांना ओरडलो, गन वापरायची नाही म्हणून. चौथ्या दिवशी गन परत सुरू झाली. दिवसाला तीस गाड्या असल्या की हाताचा पान्हा परवडत नाही, आणि हे मीच त्यांना पूर्वी शिकवलं आहे. एक मात्र केलं. बिस्किटाचा डबा फेकला आणि मशीनशेजारी दोन खिळे मारले. रिंगा तिथं अडकवायच्या, गाडीचा नंबर खडूनं वर लिहायचा. पोरं अडकवतात. नंबर कधी लिहितात, कधी नाही.

आठवड्यानं मामांचा नागपूरहून फोन आला. लेकीकडे गेले होते, समृद्धीनं, साडेतीनशेच्या वर किलोमीटर. "बूड शांत आहे," म्हणाले आणि हसले. तेव्हा सांगता आलं असतं. मी म्हटलं, "परत निघताना सकाळी टायर थंड असतानाच हवा बघा. उन्हात वाढलेली दिसली तर काढू नका."

"ते ठाऊक आहे मला," म्हणाले.

त्यांचे ते दोन जुने टायर कॉम्प्रेसरच्या मागं उभे आहेत. नक्षी पाच मिलिमीटर शिल्लक, कुठं चीर नाही, फुगा नाही, आतला पट्टा शाबूत. नंतर मी ते रिमवर चढवून, टेकू लावून फिरवून बघितले. जुने टायर घेणारा दर शनिवारी येतो. त्यानं दोनदा विचारलं, चांगला भाव देतो म्हणाला. दोन्ही वेळा मी त्याला सांगितलं, ते गिऱ्हाइकाचे आहेत.