लाल कोटावरचे ओघळ

रविवार, १२ जुलै

गेले तीन रविवार मी चाळीत तळमजल्यावर राहणाऱ्या काकांना समोर बसवून त्यांचे तैलचित्र रंगवत आहे. काकांनी उमेदीची वर्षे लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवण्यात घालवली आणि त्या वेळचा लाल कोट, खांद्यांवरच्या सोनेरी झालरींसकट, त्यांनी अजून ट्रंकेत जपून ठेवला आहे.

हा विषय सुचला तो कॉनर हॅरिंग्टनमुळे. १९८० साली आयर्लंडमधील कॉर्क येथे जन्मलेला, लंडनमध्ये स्थायिक झालेला हा चित्रकार ग्राफिटीतून, म्हणजे रस्त्यावरच्या भिंती स्प्रेने रंगवण्यातून, पुढे आला. रंगवतो मात्र अठराव्या शतकातल्या लष्करी गणवेशातले पुरुष, जुन्या युरोपीय तैलचित्रांतल्यासारख्या छायाप्रकाशात, आणि त्याच आकृत्यांवर स्प्रेचे फटकारे आणि रंगाचे ओघळ असे येतात की साम्राज्याचा सगळा डौल गळून चालला आहे असे वाटावे. वांद्र्याला एमटीएनएलच्या इमारतीवर २०१४ साली रंगवलेले दादासाहेब फाळके पाहताना मला वाटत असे की, व्यक्तिचित्र भिंतीवर नेले की दोन परंपरांचा मेळ झाला. हॅरिंग्टन उलट करतो: तो भिंत व्यक्तिचित्रात आणतो. आणि तसल्या गणवेशाची गोऱ्या साहेबाने मागे ठेवलेली नक्कल आमच्याकडे बँडवाल्यांच्या अंगावर अजून नांदते आहे, हे मला काकांचा कोट पाहून उमगले.

आज मात्र फजिती झाली. जवसाच्या तेलातला रंग हवेतला ऑक्सिजन शोषून सावकाश सुकतो, एरवीही त्याला कित्येक दिवस लागतात. जुलैच्या या दमट हवेत तर कोट बोटाला चिकटत होता. धीर न धरता मी त्यावर पांढरा स्प्रे मारला. वरचा थर काही मिनिटांत सुकला, खालचा ओलाच राहिला, आणि दुधावरच्या सायीसारख्या सुरकुत्या छातीपासून मनगटापर्यंत पडत गेल्या. लवकर सुकणारे खाली, तेलकट वर, हा नियम मला संध्याकाळच्या चित्रकला वर्गात दोनदा सांगितला गेला होता.

पण तंत्राची चूक निस्तरता येते. खरी लबाडी निराळीच होती. हॅरिंग्टनच्या चित्रात ओघळाखालीही खांद्याचा सांधा, कोपराचा बाक जाणवत राहतो, कारण ते त्याने आधी नीट रचलेले असते. मी स्प्रे मारला तो नेमका न जमलेल्या बोटांवर.

संध्याकाळी काका चहा घेऊन वर आले आणि बराच वेळ चित्राकडे बघत उभे राहिले.

"तोंड माझंच आहे रे. पण बोटं कुठं गेली? आणि डावा हात वर असतो, तू खाली घेतलायस."

पॅलेट नाइफने मनगटापर्यंतचा सगळा रंग खरवडून काढला. पुढच्या रविवारी कोट ट्रंकेतच राहू द्या, नुसते क्लॅरिनेट घेऊन या, असे त्यांना सांगितले आहे.