तुम्ही विचारलंत म्हणून: मृत समुद्राकाठच्या गुंडाळ्यांमुळे बायबल बदलले का?

प्राचीन हिब्रू हस्तलिखितांचा अभ्यास करते असे मी सांगितले की पुढचा प्रश्न बहुधा ठरलेला असतो: "त्या मृत समुद्राजवळच्या गुहांत दोन हजार वर्षांपूर्वीच्या गुंडाळ्या सापडल्या ना? मग बायबलचा मजकूर बदललेला निघाला की जसाच्या तसा?" विचारणाऱ्यांपैकी काहींना 'जसाच्या तसा' हे उत्तर मनापासून हवे असते आणि काहींना तितक्याच मनापासून 'बदललेला' हे. दोघांचेही समाधान होईल असे उत्तर दोन वाक्यांत देता येत नाही, म्हणून इथे ते सविस्तर लिहिते.

आधी थोडी पार्श्वभूमी. १९४७ च्या सुमारास बेदुईन मेंढपाळांना कुमरान इथल्या एका गुहेत मातीच्या रांजणांत ठेवलेल्या चामड्याच्या गुंडाळ्या सापडल्या. १९५६ पर्यंत त्या परिसरातल्या अकरा गुहांमधून नऊशेहून अधिक हस्तलिखितांचे अवशेष मिळाले. त्यांतली दोनशेहून अधिक हस्तलिखिते हिब्रू बायबलमधल्या, म्हणजे ज्यूंच्या धर्मग्रंथातल्या (ख्रिस्ती बायबलच्या जुन्या करारातल्या), ग्रंथांची आहेत. काही थोड्याच गुंडाळ्या धड अवस्थेत हाती आल्या. बाकीचा सगळा खच तुकड्यांचा, आणि त्यांतले कित्येक नखाएवढे. ही हस्तलिखिते साधारणपणे इसवी सनापूर्वीच्या तिसऱ्या शतकापासून इसवी सनाच्या पहिल्या शतकापर्यंतची आहेत. या शोधापूर्वी हिब्रू बायबलची आपल्याला ठाऊक असलेली सर्वांत जुनी संपूर्ण प्रत होती लेनिनग्राड कोडेक्स (कोडेक्स म्हणजे पाने बांधून केलेले हस्तलिखित), आणि तिच्यावर साल आहे इसवी सन १००८. अभ्यासक एकदम हजार वर्षे मागे जाऊन पोहोचले.

'जसाच्या तसा' म्हणणाऱ्यांच्या बाजूला भक्कम पुरावा आहे, हे मी मोकळेपणाने सांगते. पहिल्या गुहेतली यशया या संदेष्ट्याच्या ग्रंथाची मोठी गुंडाळी सात मीटरांहून लांब आहे; सतरा चामडी पाने एकमेकांना शिवून ती तयार केलेली आहे आणि चोपन्न स्तंभांत यशयाचे सहासष्टही अध्याय तिच्यात आहेत. शब्दांच्या लेखनपद्धतीत फरक शेकड्यांनी सापडतात, पण ग्रंथ तोच आहे, क्रम तोच आहे. त्याच गुहेत यशयाची दुसरी, जास्त फाटकी गुंडाळी मिळाली. ती तर मध्ययुगीन मासोरेती पाठाच्या, म्हणजे ज्यू परंपरेत प्रमाण मानल्या गेलेल्या हिब्रू मजकुराच्या, फारच जवळ आहे. मृत समुद्राच्याच काठी एन-गेदी इथल्या जळालेल्या सिनगॉगमध्ये १९७० साली एक कोळसा झालेली गुंडाळी सापडली होती. ती उलगडणे अशक्य होते. अलीकडे क्ष-किरणांच्या साहाय्याने, तिला हात न लावता, तिच्यातला मजकूर संगणकावर उलगडला गेला आणि २०१६ मध्ये तो प्रसिद्ध झाला. लेवीय या ग्रंथाचे पहिले दोन अध्याय त्यातून वाचता आले आणि त्यांतली व्यंजने (हिब्रूत मुळात व्यंजनेच लिहीत) मध्ययुगीन पाठाशी तंतोतंत जुळली. नक्कल करणाऱ्या पिढ्यान्‌पिढ्यांच्या निष्ठेची ही साक्ष आहे, आणि ती पाहून मी आजही थक्क होते.

पण तेवढ्यावर थांबले तर अर्धेच सांगितल्यासारखे होईल. यशयाच्या त्याच मोठ्या गुंडाळीचा तेहेतिसावा स्तंभ पाहा. तिची छायाचित्रे आता इंटरनेटवर सर्वांना खुली आहेत. चाळिसाव्या अध्यायातली सातवी आणि आठवी ओवी अशी आहे: गवत सुकते, फूल कोमेजते, कारण परमेश्वराचा श्वास त्यावर पडतो, लोक खरोखर गवत आहेत, गवत सुकते, फूल कोमेजते, पण आमच्या देवाचे वचन सर्वकाळ टिकते. मूळ लेखनिकाने मात्र लिहिले एवढेच: गवत सुकते, फूल कोमेजते, पण आमच्या देवाचे वचन सर्वकाळ टिकते. मधला मजकूर नंतरच्या दुसऱ्या कोणीतरी, निराळ्या वळणाच्या अक्षरांत, दोन ओळींच्या फटीत लिहिला. जागा पुरेना म्हणून तो डावीकडच्या समासात उभा खाली नेला. आणि ईश्वराचे नाव न लिहिता त्याच्या जागी चार ठिपके दिले.

इथे काय घडले असेल? 'गवत सुकते, फूल कोमेजते' हे शब्द दोनदा येतात, तेव्हा लेखनिकाची नजर पहिल्या जागेवरून दुसऱ्या जागेवर घसरली आणि मधले गळले, हा एक सरळ खुलासा. नक्कल करणाऱ्यांची ही नेहमीची चूक आहे. पण हिब्रू बायबलच्या इसवी सनापूर्वीच्या जुन्या ग्रीक भाषांतरातही हाच मधला भाग नाही. म्हणून दुसरी शक्यता उभी राहते: आखूड पाठच आधीचा असेल, आणि 'लोक खरोखर गवत आहेत' हे कोणा वाचकाने केलेले स्पष्टीकरण पुढे मजकुरात शिरले असेल. मला दुसरा खुलासा अधिक पटतो, कारण ते वाक्य उद्गारापेक्षा टिपणासारखे वाचले जाते. ग्रीक भाषांतरकाराचीही नजर तिथेच घसरली असेल असे मानणारे अभ्यासक आहेत, आणि त्यांचे म्हणणे सहज खोडून काढता येईल असे नाही. माझ्या दृष्टीने महत्त्वाचे हे की चामड्याच्या त्या चिंचोळ्या फटीत मजकूर आणि त्याचा अर्थ लावणे यांची सीमा डोळ्यांनी पाहता येते, आणि ती पुसट आहे.

यिर्मयाच्या ग्रंथात तर मामला ओळीदोन ओळींचा राहत नाही. यिर्मयाचे ग्रीक भाषांतर हिब्रूपेक्षा सुमारे सातव्या-आठव्या हिश्श्याने लहान आहे आणि परराष्ट्रांविषयीची भाकिते त्यात शेवटी न येता मध्येच येतात. भाषांतरकाराने स्वतःच्या मर्जीने काटछाट केली, असे पूर्वी अनेकांना वाटत असे. चौथ्या गुहेत एक छोटासा हिब्रू तुकडा मिळाला आणि हे मत डळमळले. त्यात दहाव्या अध्यायाचा भाग आहे, जिथे लाकडाच्या, सोन्याचांदीने मढवलेल्या मूर्तींची थट्टा केली आहे. आजच्या हिब्रू पाठात त्या थट्टेच्या मधूनमधून ईश्वराच्या थोरवीच्या ओव्या येतात: तुझ्यासारखा कोणी नाही, तू थोर आहेस. ग्रीकमध्ये त्या ओव्या नाहीत, आणि त्या तुकड्यातही त्यांना जागा नाही. म्हणजे ग्रीक भाषांतरकारासमोर लहान हिब्रू यिर्मयाच होता. इम्मानुएल टोव यांच्यासारखे अभ्यासक म्हणूनच यिर्मयाच्या दोन आवृत्त्या मानतात: एक आधीची आखूड, दुसरी तिच्यावर भर घालून वाढवलेली. त्याच चौथ्या गुहेत मोठ्या आवृत्तीचीही हस्तलिखिते होती, आणि त्यांतले एक इसवी सनापूर्वी २०० च्या आसपासचे, म्हणजे संपूर्ण संग्रहातल्या अतिशय जुन्या हस्तलिखितांपैकी आहे. दोन्ही यिर्मया एकाच गुहेत निघाले. त्यांतला कोणताही एक टाकून द्यावा, असे या गुंडाळ्या जपणाऱ्या लोकांना वाटलेले दिसत नाही.

शमुवेलाचा दाखला थोडक्यात देते. पहिल्या शमुवेलाच्या अकराव्या अध्यायाच्या आरंभी अम्मोनी राजा नाहाश अचानक याबेश-गिलाद नगराला वेढा घालतो आणि प्रत्येकाचा उजवा डोळा फोडण्याची अट घालतो. असे का, हे मासोरेती पाठात सांगितलेले नाही. चौथ्या गुहेतल्या हस्तलिखितात त्याआधी काही ओळी अधिक आहेत: नाहाशाने गाद आणि रऊबेन यांच्या वंशजांचे उजवे डोळे आधीच फोडले होते, आणि सात हजार माणसे निसटून याबेश-गिलादला आली होती. पहिल्या शतकातला ज्यू इतिहासकार जोसेफस हीच हकिकत सांगतो, तेव्हा त्याच्या प्रतीत ती असली पाहिजे. बऱ्याच अभ्यासकांच्या मते हा परिच्छेद पुढे गळून पडला. काहींच्या मते तो मागाहून रचलेला खुलासा आहे. मी पहिल्या पक्षाची आहे.

आता ज्या हस्तलिखितावर माझा सर्वाधिक जीव आहे, त्याकडे येते. पहिल्या गुहेतच हबक्कूक संदेष्ट्यावरचे एक भाष्य सापडले. त्याचे तेरा स्तंभ उरले आहेत आणि हबक्कूकच्या तीन अध्यायांपैकी पहिल्या दोनांवरच ते आहे. या प्रकारच्या भाष्याला पेशेर म्हणतात. पद्धत अशी: मूळ ग्रंथातली एखादी ओळ उद्धृत करायची आणि मग 'याचा उलगडा असा' म्हणून ती आपल्या काळाला लावायची. हबक्कूक बोलतो खास्दी, म्हणजे बाबेलच्या, लोकांविषयी. भाष्यकार म्हणतो, हे कित्ती होत, आणि हे कित्ती आपल्या सैन्याच्या निशाणांना बळी अर्पण करतात असे वर्णन करतो, त्यावरून ते रोमन असणार हे जवळपास सर्वमान्य आहे. सातव्या स्तंभात तर तो असे विधान करतो की अखेरच्या पिढीवर काय ओढवणार हे ईश्वराने हबक्कूककडून लिहून घेतले, पण तो काळ कधी पुरा होईल हे त्याला कळू दिले नाही. संदेष्ट्यांच्या वचनांतली सगळी रहस्ये ईश्वराने प्रकट केली ती 'नीतिमत्त्वाच्या शिक्षका'ला, म्हणजे भाष्यकाराच्या पंथाच्या गुरूला. म्हणजे संदेष्ट्याच्या शब्दांचा अर्थ संदेष्ट्यापेक्षा त्याच्या वाचकाला अधिक कळला! इतका धीट दावा करणारा माणूस मूळ वचने मात्र अत्यंत आदराने लिहितो. त्यांत ईश्वराचे नाव आले की ते नेहमीच्या लिपीत न लिहिता जुन्या हिब्रू लिपीत लिहितो.

त्याच भाष्याच्या अकराव्या स्तंभात एक जागा आहे. हबक्कूकच्या दुसऱ्या अध्यायातल्या सोळाव्या ओवीत मासोरेती पाठ म्हणतो, 'तूही पी आणि आपली बेसुंती अवस्था उघडी कर'. भाष्यकार जी ओळ उद्धृत करतो तिच्यात त्या क्रियापदातल्या दोन अक्षरांची, अयिन आणि रेश यांची, अदलाबदल झालेली आहे आणि अर्थ होतो 'तूही पी आणि झोकांड्या खा'. ग्रीक भाषांतरातही असाच अर्थ आहे. पण उलगडा करताना भाष्यकार लिहितो की हे वचन अशा याजकाविषयी आहे ज्याने आपल्या अंतःकरणाची सुंता केली नाही आणि जो मद्यधुंदपणाच्या वाटांनी चालला. झोकांड्या आहेत, सुंताही आहे. दोन्ही पाठ त्याला ठाऊक होते असेच म्हणावे लागते, आणि त्यांतला एक खरा, दुसरा खोटा असे ठरवण्याची त्याला गरज भासली नाही. दोन्हींमधून त्याने अर्थ काढला. 'बदलला की तसाच' या प्रश्नामागे एक गृहीत असते, की मूळचा एकच मजकूर होता आणि बाकी सारी त्याची बिघडलेली रूपे. ज्यांनी या गुंडाळ्या लिहिल्या, जपल्या आणि त्यांच्यासाठी आयुष्य वाहिले, त्यांच्या मनात हे गृहीत नव्हते.

याचा अर्थ वाटेल ते चालत होते असा मुळीच नाही. रोमनांविरुद्धच्या बार कोखबाच्या उठावाच्या काळात, म्हणजे इसवी सन १३२ ते १३५ च्या सुमारास, कुमरानच्या दक्षिणेकडच्या वादी मुरब्बआत इथल्या गुहांत आश्रय घेतलेल्या लोकांबरोबर बारा लघुसंदेष्ट्यांची एक गुंडाळी होती. ती जवळजवळ पूर्णपणे मासोरेती पाठाची आहे. कुमरानमधले वैविध्य तिथे दिसत नाही. मधल्या काळात यरुशलेमचे मंदिर इसवी सन ७० मध्ये उद्ध्वस्त झाले होते आणि एकच पाठ सर्वत्र मान्य होत गेला होता. आज अलिबागला किंवा मुंबईला बेने इस्राएल मंडळी सिनगॉगमध्ये तोरा (बायबलचे पहिले पाच ग्रंथ) वाचतात, तो याच परंपरेतला पाठ आहे.

मराठी वाचक मला हटकून भांडारकर संस्थेच्या महाभारताची आठवण करून देतात, आणि ती आठवण योग्य आहे. तिथे वि. स. सुकथनकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी असंख्य पोथ्या ताडून, कोणत्याही एका पोथीत जसाच्या तसा न सापडणारा पाठ सिद्ध केला आणि पाठभेद खाली दिले. हिब्रू बायबलच्या संपादकांनी बहुतांशी हे केलेले नाही. प्रचलित अभ्यास-आवृत्तीत लेनिनग्राड कोडेक्सचा मजकूर आहे तसा छापतात. जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठाच्या प्रकल्पाने आलेप्पो कोडेक्स हे दुसरे मध्ययुगीन हस्तलिखित आधाराला घेतले. पाठभेद दोन्हींकडे तळाशी. सुकथनकरांच्या वाटेने जाणारा, पाठ निवडून सिद्ध करणारा एक प्रकल्प अलीकडे सुरू झाला आहे आणि त्यावर वाद आहेत. शमुवेलासारख्या ग्रंथाला ती पद्धत उपयोगी पडेल असे मला वाटते. यिर्मयाला ती लावू नये. तिथे दोन आवृत्त्या शेजारी-शेजारी दोन रकान्यांत छापणे हाच प्रामाणिक मार्ग आहे, कारण दोन्हींची सरमिसळ करून तयार होणारा तिसरा यिर्मया कधी कोणी वाचलेलाच नाही.

तेव्हा तुमच्या प्रश्नाला माझे उत्तर असे: इसवी सनाच्या दुसऱ्या शतकापासून पुढे हा मजकूर विलक्षण काटेकोरपणे जपला गेला, आणि त्याआधीची काही शतके तो एकाहून अधिक रूपांत, भक्तिभावाने वाचणाऱ्यांच्या हातूनच, वाढत आणि आकार घेत होता. माझ्याकडे असलेल्या मराठी बायबलमध्ये नाहाशाच्या त्या ओळी नाहीत, आणि यशयाच्या चाळिसाव्या अध्यायाखाली त्या लेखनिकाविषयी काही टीपही नाही. त्या दोन्ही ठिकाणी तळटीप यावी, असे मला मनापासून वाटते. श्रद्धेने वाचणाऱ्यांना तर ती विशेष मिळावी, कारण ज्यांनी त्या फटीत बारीक अक्षरांत मजकूर भरला तेही श्रद्धेनेच वाचणारे होते.