एकच अपघात, दोन दावे

दादा आणि वहिनी यांच्या अपघाताच्या दाव्यांचा निकाल अलीकडेच लागला. अपघात एकच, मोटारसायकल एकच, रस्त्यात उभी असलेली ट्रॉलीही एकच. तरीही वहिनींना ठरलेली भरपाई पूर्ण मंजूर झाली आणि दादाच्या रकमेतून 30 टक्के कापले गेले. घरात कोणालाच हे उलगडेना, म्हणून निकालपत्र दोनदा वाचून जे समजले ते येथे लिहीत आहे.

गाळप हंगामातली रात्र होती. उसाने भरलेली ट्रॉली पंक्चर होऊन डांबरी रस्त्यावरच उभी होती, तिच्या मागे ना दिवा होता ना रिफ्लेक्टर. समोरून येणाऱ्या वाहनाचा प्रकाश डोळ्यांवर आला आणि दादाची गाडी ट्रॉलीवर आदळली. त्याचा उजवा खांदा कायमचा अधू झाला, तर मागे बसलेल्या वहिनींचा पाय मोडला. विमा कंपनीचे म्हणणे असे की, उभे वाहन कोणावर येऊन आदळत नाही, त्यामुळे निम्मा दोष दादाचाच आहे. शिवाय त्याच्या परवान्याची मुदत संपलेली होती.

परवान्याचा मुद्दा अपघाताचे दावे ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाने मानला नाही, आणि ते योग्यच झाले. नियम मोडणे वेगळे आणि त्यामुळे अपघात घडणे वेगळे. विनापरवाना दुचाकी चालवणाऱ्या एका मुलाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये हे सांगितले होते, आणि दुचाकीवर तिघे बसले होते एवढ्यावरून भरपाई कापता येत नाही, असे 2020 मध्येही सांगितले. कपात करायची तर जखमी व्यक्तीच्या चुकीमुळे अपघात घडला किंवा इजा वाढली, हे पुराव्याने दिसावे लागते. यालाच अंशदायी निष्काळजीपणा म्हणतात.

वहिनींच्या बाबतीत हा प्रश्नच उद्भवत नाही, कारण मागे बसलेल्या माणसाच्या हाती गाडी नसते. त्यांच्या दृष्टीने दादा आणि ट्रॉलीवाला असे दोघे मिळून इजेला कारणीभूत ठरले, म्हणजे हा संयुक्त निष्काळजीपणा झाला. अशा वेळी जखमी व्यक्ती दोघांपैकी कोणाही एकाकडून संपूर्ण रक्कम वसूल करू शकते, आणि त्या दोघांनी आपापसांतला हिशेब नंतर पाहायचा असतो, हे सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्ये स्पष्ट केले आहे. चालवणारा नवरा होता म्हणून त्याचा दोष बायकोच्या माथी येत नाही.

30 टक्के म्हणजे किती, हे आकड्यांत पाहिल्यावर मन विषण्ण होते. दादा 38 वर्षांचा, विहिरींच्या मोटारी दुरुस्त करणारा. महिना 20,000 रुपये कमाई, खांद्यामुळे कमाईची क्षमता 25 टक्के घटली आणि वयानुसार गुणक (वर्षाच्या नुकसानीला ज्याने गुणायचे तो आकडा) 15, म्हणजे भविष्यातील वाढ न धरताही 9 लाख रुपये होतात. त्यातून 2 लाख 70 हजार गेले, आणि व्याजही उरलेल्या रकमेवरच मिळणार.

पंचनामा दुसऱ्या दिवशी सकाळी झाला. तोवर ट्रॉली बाजूला घेतलेली होती, त्यामुळे तिने रस्ता किती अडवला होता याचे मोजमापच नाही. ‘ट्रॉलीच्या मागील बाजूस रिफ्लेक्टर अगर लाल दिवा दिसून आला नाही’ हे एक वाक्य मात्र त्यात आहे, आणि निम्म्या दोषाचा दावा त्या वाक्यापुढे टिकला नाही. अपघातानंतर घरचे सगळे दवाखान्यात असतात, हे मला समजते. तरीही कोणीतरी एकाने त्याच रात्री जागेची छायाचित्रे काढायला हवी होती, आणि ते मी केले नाही याची खंत मला आजही वाटते. दादाने उलटतपासणीत खरे तेच सांगितले: वेग साठच्या आसपास होता आणि प्रकाश डोळ्यांवर आल्यावरही त्याने वेग लगेच कमी केला नाही. कपात झाली ती या उत्तरावरून.

थोडाफार दोष त्याच्याकडे यावा, हे मी नाकारत नाही. पण रस्त्याच्या मधोमध दिव्याविना उभ्या असलेल्या टँकरवर मोटार आदळल्याच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने मोटारचालकावर टाकलेला निम्मा दोष सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये पूर्णपणे काढून टाकला होता. तिथेही समोरच्या प्रकाशाने डोळे दिपल्याचाच मुद्दा होता. निकालापासून 90 दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते. दादाचे अपील आम्ही दाखल केले आहे, आणि त्यात या 30 टक्क्यांखेरीज दुसरा मुद्दा नाही.