दादाच्या सीडीतले जावा गेम फोनवर, प्रगती भाग 2

मंडळी, मागच्या वेळी सांगितलेलं ते खोकं आठवतंय ना, दादाच्या माळ्यावर सापडलेलं, त्यातल्या सीडींच्या उभ्या डब्यात खालून तिसऱ्या सीडीवर मार्करने "मोबाईल गेम 2008" असं लिहिलेलं. दादाकडे तेव्हा नोकियाचा 3110 क्लासिक होता, आणि ज्यांना तो काळ आठवतो त्यांना मोबाईलच्या दुकानाबाहेरची "गाणी, गेम, वॉलपेपर भरून मिळतील" ही पाटीही आठवत असेल. दादा पैसे देऊन भरून घेणाऱ्यातला नव्हता, भरून देणाऱ्यातला होता, कॉलेजात असताना त्याच दुकानात संध्याकाळी बसायचा. म्हणजे ही सीडी म्हणजे दुकानाचा स्टॉकच म्हणा की.

ध्येय सोपंय. सीडीतले सगळे जावा गेम (स्मार्टफोनच्या आधीच्या बटणवाल्या फोनवर चालायचे ते) माझ्या आत्ताच्या फोनवर चालले पाहिजेत, आणि कॉम्प्युटर फक्त सीडी वाचण्यापुरता, बाकी सगळं फोनवरच करायचं.

शनिवार

माझ्या लॅपटॉपला ड्राइव्हच नाही, मग शेजारच्या काकांचा बाहेरून लावायचा डीव्हीडी रायटर आणला. सीडीत चार फाईली, पार्ट1, पार्ट2, पार्ट3, पार्ट4, सगळ्या आरएआर (झिपसारखाच फाईली दाबून पॅक करायचा प्रकार), पहिल्या तीन बरोब्बर 15 एमबीच्या आणि शेवटची 13 ची. दादाला विचारलं तर म्हणे मेलवर जावी म्हणून तुकडे केलेले, पुढे ते कधी जोडलेच नाहीत, तसेच सीडीवर मारले.

पार्ट1, 2, 4 सटासट कॉपी झाल्या. पार्ट3 ला ड्राइव्ह घरघर करायला लागला, मग थांबला, मग परत घरघर. सीडी काढून जुन्या बनियनच्या मऊ कापडाने पुसली (मधून कडेकडे सरळ पुसायची, गोल गोल नाही, गोल चरा पडला की एकाच जागचा सलग डेटा जातो), तरी नाही. शेवटी ऑफिसातल्या एकाच्या जुन्या डेस्कटॉपच्या ड्राइव्हने वाचली, पंधरा मिनिटं घेतली पण पूर्ण 15 एमबी कॉपी दाखवलं. ह्यावर मी खूश झालो, जे व्हायला नको होतं.

चारही फाईली फोनवर टाकल्या, एकाच फोल्डरमध्ये. इथे नवीन लोक हमखास चुकतात म्हणून सांगतो, चारही वेगवेगळ्या सोडायच्या (म्हणजे एक्स्ट्रॅक्ट करायच्या) नसतात, नावं आहेत तशी ठेवायची आणि फक्त पार्ट1 दाबायची, बाकीचे तुकडे ॲप स्वतः ओढून घेतं. मी झेडआर्काइव्हर हे फाईली पॅक करायचं-सोडायचं ॲप वापरतो. दाबलं, 214 फाईलींची यादी आली, एक्स्ट्रॅक्ट म्हटलं, अर्ध्याच्या पुढे गेलं आणि सीआरसी एरर.

सीआरसी म्हणजे काय तर पॅक करताना प्रत्येक फाईलचा एक आकडा काढून ठेवलेला असतो, सोडताना तोच आकडा परत काढतात, जुळला नाही तर मधे कुठेतरी बिट बदललाय. म्हणजे त्या डेस्कटॉपने पार्ट3 "वाचली" खरी पण काही जागी काहीतरीच वाचली.

पण नशीब बघा. आरएआर दोन प्रकारे बनवता येते, साधी आणि सॉलिड. सॉलिडमध्ये सगळ्या फाईली एकाच लांब दोऱ्यात ओवल्यासारख्या दाबलेल्या असतात, जागा कमी लागते पण मधे दोरा तुटला की त्याच्या पुढचं सगळं गेलं. साध्यात प्रत्येक फाईल वेगळी दाबलेली. दादाने साधी केलेली, बहुतेक काहीच न बघता ओके ओके दाबून. त्यामुळे 214 पैकी 203 सहीसलामत निघाल्या, फक्त 11 गेल्या. सॉलिड असती तर पार्ट4 अख्खी ठणठणीत असून शून्य उपयोग.

एक गंमत, आतल्या 214 फाईलींची बेरीज केली तर साधारण 59 एमबी, आणि चार तुकडे मिळून 58. म्हणजे दाबून दाबून एक एमबी वाचला. कारण जार, म्हणजे जावा गेमची फाईल, ही मुळात झिपच आहे, आधीच दाबलेली, पिळलेला टॉवेल परत पिळला तर किती पाणी निघणार. आणि हेच ते "हायली कंप्रेस्ड, दोन जीबीचा गेम फक्त 50 एमबीत" वाल्यांना कोणीतरी सांगा. गेमचं टेक्श्चर, आवाज, व्हिडिओ सगळं आधीच दाबलेलं असतं, ते चाळीस पट कमी होत नाही, एकतर त्यात गेम नसतो नाहीतर शेवटी पासवर्ड मागून सर्व्हे भरायला लावतात. असली एक फाईल माझ्या भाच्याने उतरवली होती, आत काय तर आणखी एक झिप, त्याच्या आत एक टेक्स्ट फाईल आणि एक लिंक. डिलीट.

रविवार, म्हणजे माझा गाढवपणा

203 फाईली बघितल्या तर त्यातल्या 140 च्या आसपास जार आणि उरलेल्या साठेक झिप. मला वाटलं झिप आहेत म्हणजे अजून पॅक आहेत, सोडायला हव्यात. सगळ्या सिलेक्ट केल्या, "इथेच एक्स्ट्रॅक्ट". ॲपने विचारलं, ए डॉट क्लास नावाची फाईल आधीच आहे, बदलू का? मी म्हटलं हो, सगळ्यांना हो.

ज्यांना जावा गेमचं माहिती आहे ते आत्ता कपाळावर हात मारून घेत असतील. प्रत्येक गेमच्या आत ए डॉट क्लास, बी डॉट क्लास, सी डॉट क्लास अशाच कोडच्या फाईली असतात, साइझ कमी राहावी म्हणून बनवणारे सगळी नावं एकेका अक्षराची करून टाकायचे. म्हणजे साठ गेमनी एकमेकांच्या फाईली खाल्ल्या, आणि शेवटी फोल्डरमध्ये एकाचं क्रिकेट, दुसऱ्याची कार आणि तिसऱ्याचा आवाज असा काला झाला.

नंतर कळलं, दादाने त्या मुद्दाम झिप केलेल्या. केलेल्या म्हणजे नुसतं नाव बदललेलं, कारण मेलवर जार जोडली की अडवायचे. ती झिप नव्हतीच... म्हणजे होती, पण सोडायची नव्हती.

एक परत हाताने जोडून बघू म्हणून एक गेम वेगळ्या फोल्डरमध्ये सोडला, फोल्डर झिप केला, नाव जार केलं, नाही चालला. तासभर गेला ह्यात. कारण इतकंच की मेटा-आयएनएफ नावाचं फोल्डर आणि त्यातली मॅनिफेस्ट फाईल झिप उघडल्या उघडल्या पहिल्याच पायरीवर दिसली पाहिजे, मी फोल्डरसकट झिप केल्यामुळे ती एक पायरी आत गेली. आतल्या फाईली निवडून झिप केल्यावर चालला. पण हे करायची काही गरजच नव्हती, आरएआर मधून साठ फाईली परत काढल्या, नावातलं झिप खोडून जार लिहिलं, संपलं. एक रविवार गेला ह्याच्यात.

तर आता माझा नियम असा, कुठलीही फाईल सोडायच्या आधी नुसती आत डोकावायची, झेडआर्काइव्हरमध्ये टॅप करून व्ह्यू. मेटा-आयएनएफ दिसलं आणि मॅनिफेस्टमध्ये मिडलेट असा शब्द दिसला की तो जुन्या फोनचा जावा गेम, हात लावायचा नाही. क्लासेस डॉट डेक्स आणि अँड्रॉइडमॅनिफेस्ट दिसलं की ती एपीके, म्हणजे अँड्रॉइड ॲपची फाईल, नावात काहीही असो. आत तीन-चार एपीके आणि सोबत ओबीबी (गेमच्या डेटाची मोठी फाईल) असेल तर एक्सएपीके, तिला वेगळा इन्स्टॉलर लागतो. आणि नुसत्या डेटाच्या फाईली असतील तरच सोडायची. नाव बघून कळत नसेल तर टेक्स्ट व्ह्यूअरमध्ये उघडा, पहिली दोन अक्षरं पी आणि के दिसली की झिपचं खानदान. फिल कात्झ नावाच्या माणसाने 1989 साली हा फॉरमॅट काढला, त्याच्या नावाची आद्याक्षरं आजही प्रत्येक एपीकेच्या तोंडावर आहेत, ही गोष्ट मला फार आवडते.

सोमवार-मंगळवार रात्री

आता चालवायचं. जेटूएमई लोडर, जावा गेम अँड्रॉइडवर चालवणारं ॲप, ओपन सोर्स आहे, प्लसचं बटण दाबून जार दाखवली की तो आतले क्लास अँड्रॉइडला समजतील असे बदलून घेतो आणि यादीत आयकॉन येतो. पहिल्यांदा गेम उघडला की सेटिंगचं पान येतं आणि ते लोक न वाचता पुढे जातात, मीही गेलो. गेम आला पण स्क्रीनच्या वरच्या कोपऱ्यात पोस्टाच्या तिकिटाएवढा, खाली सगळं पांढरं.

कारण 3110 चा स्क्रीन 128 बाय 160 आणि लोडर धरून चालतो 240 बाय 320. जावा गेम प्रत्येक स्क्रीनसाठी वेगळे बनायचे, दुकानात "तुमचा मोबाईल कुठला" हे विचारायचे ते त्याचसाठी. साइझ 128 बाय 160 केली, स्केलिंग चालू केलं, आणि मग तो गेम सहा इंची स्क्रीनभर असा काही पसरला की बॅट्समनच्या डोक्यातले पिक्सेल मोजता येतील. चौदा मोजले, हेल्मेटसकट.

दुसरी भानगड स्पीडची. कार रेसवाला एक गेम उघडला आणि सुरू व्हायच्या आत गेम ओव्हर. परत, परत गेम ओव्हर. ज्या गेममध्ये थांबायचा हिशोब लिहिलेला नाही तो त्या काळच्या प्रोसेसरच्या भरवशावर सावकाश चालायचा, आत्ताचा फोन त्याला वाऱ्यासारखा पळवतो. एफपीएस (सेकंदाला किती चित्रं) लिमिट 15 टाकल्यावर कार माणसात आली. काही गेमना 12 बरं वाटतं, काहींना 20, ज्याचं त्याचं बघावं लागतं.

आणि कीपॅड. स्क्रीनवरच्या बटणांना मजा नाही हो, 2-4-6-8 न बघता अंगठ्याने सापडायचं ते काचेवर सापडत नाही. ब्लूटूथ कंट्रोलर जोडून बघणार आहे.

203 पैकी आतापर्यंत 88 तपासले, 79 चालतात, 6 उघडून पांढरे राहतात, 3 नोकियाचंच काहीतरी खास मागतात आणि बंद पडतात.

बुधवार

मधेच मोह झाला म्हणून माझ्या स्वतःच्या 2014 च्या बॅकअपमधला एक विकत घेतलेला अँड्रॉइड गेम टाकायचा प्रयत्न केला, एपीके आणि ओबीबी. नाही बसला. फोन अँड्रॉइड 14 चा आहे आणि 14 पासून टार्गेट एपीआय (ॲप अँड्रॉइडच्या कुठल्या आवृत्तीसाठी बनवलंय तो आकडा) 23 च्या खालचं ॲप बसूच देत नाहीत. कॉम्प्युटरवरून एडीबीने (फोनला कमांड द्यायचं साधन) बायपासचा फ्लॅग लावून बसवता येतं, पण मी म्हटलंय ना सगळं फोनवर, म्हणून घरातला अँड्रॉइड 9 चा जुना फोन काढला. त्यात एपीके बसली, ओबीबी नावासकट जशीच्या तशी अँड्रॉइड फोल्डरच्या ओबीबीत पॅकेजच्या नावाच्या फोल्डरमध्ये टाकली, चालला. ओबीबी पण आतून बऱ्याचदा झिपच असते, सोडायची नाही. अँड्रॉइड 11 पासून त्या फोल्डरमध्ये दुसऱ्या ॲपला सहज घुसता येत नाही, म्हणून जुना फोन फेकू नका.

गुरुवार

सगळंच न सोडता चालतं असं वाटायला लागलं होतं तर स्कमव्हीएमने, म्हणजे जुने कॉम्प्युटर गेम फोनवर चालवणाऱ्या ॲपने, जमिनीवर आणलं. बिनीथ अ स्टील स्काय, 1994 चा गेम, 2003 पासून बनवणाऱ्यांनीच फुकट केलाय, स्कमव्हीएमच्या साइटवर झिप मिळते. मी झिप तशीच दाखवली, स्कमव्हीएम म्हणे गेम सापडला नाही. बरोबरच आहे, त्याला आतल्या स्काय डॉट डीएनआर आणि स्काय डॉट डीएसके ह्या फाईली फोल्डरात मोकळ्या हव्यात. सोडली, फोल्डर दाखवलं, लगेच ओळखला. बोटाने ओढून कर्सर हलवायचा, दोन बोटांनी टॅप म्हणजे उजवं क्लिक. पहिल्या खोलीतून बाहेर पडायला मला अर्धा तास लागला, तो माझा प्रश्न आहे.

शुक्रवार, त्या 11 फाईली

खराब आरएआरचं एक चांगलं असतं, फाईल गेली तरी यादीत तिचं नाव, साइझ आणि सीआरसीचा आकडा शाबूत असतो. लॅपटॉपवर सेवन-झिपमध्ये उघडून त्या अकरा ओळी वहीत उतरवल्या (हो, कॉम्प्युटर वापरला, चालतंय).

मग दादाला फोन केला, तुझा 3110 कुठाय. वहिनींनी कपाटातून काढला, बीएल-5सी बॅटरी पुरीसारखी टम्म फुगलेली, मागचं झाकण आपोआप उघडलेलं. बॅटरी वेगळी ठेवायला सांगितली आणि मेमरी कार्ड काढून आणलं, 1 जीबीचं. माझ्या फोनला लावलं तर पहिलं वाक्य, कार्ड सपोर्ट होत नाही, फॉरमॅट करू का. हात थरथरला, पण नाही दाबलं. काकांच्या कार्ड रीडरने लॅपटॉपवर उघडलं, तिथे नीट दिसलं, सगळं आधी कॉपी करून घेतलं.

त्यात 60-65 जार. एकेकीचा सीआरसी काढून वहीतल्या आकड्यांशी लावत बसलो, रात्री साडेअकरापर्यंत 7 जुळले, आकडा न् आकडा. आणखी एकाचं नाव तेच आहे पण साइझ वेगळी, बहुतेक दुसऱ्या स्क्रीनची आवृत्ती, तो मोजत नाही. राहिले 4. दादा म्हणतोय डब्यात तळाला अजून एक सीडी आहे, तिच्यावर नुसतंच "इतर" लिहिलंय. उद्या ड्राइव्ह परत मागायला काकांकडे जायचंय.