तुम्ही विचारलंत म्हणून: ईस्टर दरवर्षी का सरकतो?

नाताळ म्हणजे २५ डिसेंबर, तिथे विचारण्यासारखं काही नाही. ईस्टर, म्हणजे येशू मरणातून उठल्याचा सण, मात्र कधी मार्चअखेरीस, कधी एप्रिल उलटत आल्यावर, मग "यंदा एवढ्या लवकर कसा?" हा प्रश्न ठरलेला. थोडक्यात उत्तर असं, की ईस्टर हा मुळात तिथीचा सण आहे, तारखेचा नव्हे, आणि ती तिथी ज्यूंच्या पंचांगातली आहे. लांब उत्तर जास्त मजेचं आहे. पहिले ख्रिस्ती ज्यूच होते आणि पुढच्यांना ते नातं तोडायचं होतं, या दोन्ही गोष्टी या एका हिशेबात मुरलेल्या आहेत.

मूळ तिथी ज्यूंच्या निसान महिन्याची चौदावी. बायबलातल्या निर्गम या पुस्तकाच्या १२व्या अध्यायात सगळा विधी आहे: दहाव्या दिवशी कोकरू-करडांतला एक वर्षाचा निर्दोष नर निवडायचा, चौदाव्याला दिवेलागणीला मारायचा, रक्त दाराच्या चौकटीला लावायचं, मांस त्याच रात्री भाजून कडू भाजी आणि बेखमीर भाकरीबरोबर खायचं, सकाळपर्यंत काही उरू द्यायचं नाही. इजिप्तच्या गुलामीतून सुटकेच्या त्या रात्री रक्ताची खूण असलेलं घर देव ओलांडून जातो, म्हणून मराठी बायबलात या सणाचं नाव 'वल्हांडण'. भाषांतरकारांनी शब्द नेमका पकडलाय. गोव्यात ईस्टरला 'पास्कांचें फेस्त' म्हणतात, तो 'पास्का' पोर्तुगीज, लॅटिन, ग्रीक अशी घरं बदलत आलेला मूळचा हिब्रू 'पेसाह'च.

पंचांग पाहणाऱ्या मराठी माणसाला ज्यू कालगणना परकी वाटू नये. आपल्यासारखाच अमावास्येनंतर नवा महिना, म्हणून पंधरावी तिथी पौर्णिमेच्या आसपास. बारा चांद्रमास म्हणजे ३५४ दिवस. सौरवर्षापेक्षा अकराएक दिवस कमी. ती तूट १९ वर्षांत ७ अधिक महिने घालून भरतात. आपला अधिक मास वेगवेगळ्या महिन्यांत पडतो, त्यांच्याकडे फक्त निसानच्या आधीचा अदार दोनदा येतो. त्यामुळे वल्हांडण बहुतेक वर्षी चैत्री पौर्णिमेच्या आगेमागे पडतो. २०२६ मध्ये हनुमान जयंती २ एप्रिलला आणि वल्हांडणाचा पहिला दिवसही २ एप्रिललाच. त्यांचा दिवस सूर्यास्ताला सुरू होतो, म्हणजे चौदावीच्या संध्याकाळी पंधरावी लागते, तेव्हा सणाचं जेवण १ तारखेच्या रात्री.

आता गोम इथे आहे. बायबलात येशूची कथा चौघांनी सांगितली आहे. त्यातल्या मत्तय, मार्क आणि लूक यांच्या मते येशूचं शेवटचं भोजन हेच वल्हांडणाचं जेवण. चौथा, योहान म्हणतो, ते जेवण अजून व्हायचं होतं; म्हणजे तिकडे जेरुसलेमच्या मंदिरात कोकरं कापली जाण्याच्या दिवशीच येशू क्रुसावर गेला. प्रेषित पौलानं तर करिंथच्या ख्रिस्ती लोकांना सरळ लिहिलं, की ख्रिस्त हाच आपला वल्हांडणाचा बळी. तिथीत एका दिवसाचा फरक, पण मृत्यू शुक्रवारी आणि रिकामी कबर रविवारी सकाळी, यावर चौघांचं एकमत.

मग दरवर्षी सण पाळायचा तो तिथीनं की वारानं? आशिया मायनरच्या, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातल्या, ख्रिस्ती मंडळ्या तिथीवाल्या: निसानची चौदावी, मग वार कुठलाही असो. रोम वारवालं: रविवारच. इ. स. १५५च्या सुमारास तिकडच्या स्मुर्ण्याचा वृद्ध बिशप पॉलिकार्प रोमला गेला, तिथला बिशप अनिसेटसशी बोलला. दोघांपैकी कुणीही हटलं नाही, पण एकत्र प्रभुभोजन घेऊन सलोख्यानं वेगळे झाले. १९०च्या आसपास रोमचा बिशप असलेल्या व्हिक्टरला एवढा धीर नव्हता. त्यानं तिथीवाल्यांना बहिष्कृत करायला घेतलं. लियोंचा बिशप इरेनेयस स्वतः रविवारवाला, तरी त्यानंच व्हिक्टरची कानउघाडणी केली. माझं माप तिथीवाल्यांकडे झुकतं. त्यांची प्रथा जुनी वाटते, आणि आपण ती योहानाकडून घेतली असं ते सांगत होते. पण रविवारवालेही पौर्णिमा सोडायला तयार नव्हते, हे विसरू नये. त्यांच्यातल्या कित्येक मंडळ्या निसान कधी लागतो हे शेजारच्या ज्यूंच्या गणनेवरूनच ठरवत.

हे बंद करायचं ठरलं ३२५ साली, निकियाला भरलेल्या बिशपांच्या परिषदेत. 'वसंतसंपातानंतरच्या पौर्णिमेनंतरचा रविवार' हे सूत्र (वसंतसंपात म्हणजे मार्चमध्ये दिवस-रात्र सारखे होतात ती वेळ) तिथे लिहिलं गेलं, असं सर्रास सांगतात; ते तितकंसं खरं नाही. सर्वांनी एकाच दिवशी सण करावा आणि त्यासाठी ज्यूंच्या गणनेवर अवलंबून राहू नये, हा तिथला निर्णय. गणित इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियाच्या पद्धतीनं पुढे रुळलं. सम्राट कॉन्स्टंटाइननं त्यावर जे पत्र धाडलं त्यातली ज्यूंविषयीची भाषा आज वाचवत नाही. गंमत एवढीच, की त्यांना टाळण्यासाठी उभारलेला तक्ता १९ वर्षांच्या चक्रावरच फिरतो आणि पौर्णिमेला 'चौदावी'च मानतो.

तो तक्ता घरी वापरता येतो. सनाला १९नं भागा, बाकीत १ मिळवा. २०२६ची बाकी १२, म्हणून अंक १३. तक्त्यात १३समोर २ एप्रिल आहे. तो गुरुवार, म्हणून पुढचा रविवार ५ एप्रिल हा ईस्टर. पौर्णिमा रविवारीच आली तर मात्र आठवडाभर थांबायचं. २०२५ला तसंच झालं: १३ एप्रिल रविवार, तोच वल्हांडणाचा पहिला दिवस, आणि ईस्टर गेला २० एप्रिलला.

लोक फसतात ते आकाशाकडे बघून. २०१९ला धुळवडीच्या दिवशी, २१ मार्चच्या सकाळी, पौर्णिमा पूर्ण झाली आणि संपात त्याआधी काही तासच होऊन गेला होता. म्हणजे ईस्टर २४ मार्चला हवा. आला २१ एप्रिलला. कारण चर्चच्या तक्त्यात ती पौर्णिमा २० मार्चला बसते आणि संपात कायमचा २१ मार्चला ठोकलेला आहे. पूर्वेकडच्या ऑर्थोडॉक्स चर्चचा तक्ता जुन्या ज्युलियन कॅलेंडरवरचा. त्यांचा २१ मार्च म्हणजे आपला ३ एप्रिल, वर त्यांची पौर्णिमाही चारेक दिवस उशिराची. म्हणून २०२६ला त्यांचा ईस्टर १२ एप्रिलला.

उपासनेत नातं मात्र उघड दिसतं. पवित्र गुरुवारी, म्हणजे ईस्टरच्या आधीच्या गुरुवारी, कॅथलिक चर्चमध्ये पहिलं वाचन त्याच निर्गम १२चं, कोकराचं. शनिवारचा जागर अंधार पडल्यावरच सुरू होतो, कारण सूर्यास्ताला रविवार लागलेला असतो. त्यात वाचनं कमी केली तरी समुद्र ओलांडण्याचं, निर्गम १४चं वाचन गाळता येत नाही. मिस्साची, म्हणजे कॅथलिक उपासनेतली, भाकर फक्त गहू आणि पाण्याची, बेखमीर. ज्यूंच्या बेखमीर भाकरीचा, मात्साचा, नियम याहून कडक: पिठाला पाणी लागल्यापासून अठरा मिनिटांच्या आत तो भट्टीत जाऊन भाजून निघाला पाहिजे, नाहीतर आंबला असं धरतात.

कोकणातल्या बेने इस्राएलांनी, म्हणजे तिथल्या मराठी बोलणाऱ्या ज्यूंनी, तर वल्हांडणाला मराठी नावच दिलं होतं, आंबटाचं भांडं झाकून ठेवण्याचा सण अशा अर्थाचं.

एक चूक सध्या फार होते. आजच्या ज्यू घरातला सेदेर, म्हणजे वल्हांडणाच्या रात्रीचं विधीचं जेवण, जसाच्या तसा करून 'येशूनं हेच केलं' असं सांगतात. द्राक्षारसाचे चार प्याले आणि हग्गादाचं, म्हणजे त्या रात्री वाचायच्या पोथीचं, वाचन यांची आजची मांडणी इ. स. ७० साली जेरुसलेमचं मंदिर पडल्यानंतरची. येशूच्या वेळी ताटात मंदिरात कापलेलं कोकरू असे. आजच्या ताटात त्याच्या आठवणीचं एक भाजलेलं हाड असतं.

आणि २०२७साठी आत्ताच सांगून ठेवतो, कारण प्रश्न येणारच. ईस्टर २८ मार्चला, वल्हांडण २२ एप्रिलला. ज्यूंचं ते अधिक महिन्याचं वर्ष आहे. चर्चच्या तक्त्यात पौर्णिमा २२ मार्चलाच बसते.