८५० वरचे क्लीव्हलँड अखेर मागे सरले

दूरची मध्यम लहरींची रेडिओ केंद्रे पकडण्याचा मला छंद आहे. मागच्या नोंदीत मी लूपच्या (तारेच्या वेटोळ्याच्या, फिरवता येणाऱ्या अँटेनाच्या) नादावर जवळजवळ पाणी सोडले होते, त्यामुळे पुढची नोंद इतक्या लवकर आणि तीही चांगल्या बातमीची असेल, असे मला वाटले नव्हते. गेल्या रविवारी डेन्वर ब्रॉंकोज या अमेरिकन फुटबॉल संघाच्या उशिराच्या सामन्याचा संपूर्ण चौथा क्वार्टर शिकागोजवळच्या नेपरव्हिलच्या घरी केओए या डेन्वरच्या केंद्रावर, ८५० किलोहर्ट्झवर, सलग ऐकता आला. त्याच ८५० वर घुसणाऱ्या क्लीव्हलँडच्या केंद्राचा आवाज इतका खाली गेला होता की समालोचक डेव्ह लोगन कोणत्या यार्डरेषेचा उल्लेख करीत आहेत, हे फेडिंगच्या (संकेत मध्येच मंदावण्याच्या) दोन-तीन खोल खड्ड्यांचा अपवाद वगळता स्पष्ट कळत होते. इतक्या दूरच्या मध्यम लहरी अंधारातच पोचतात; पूर्वार्ध नेहमीप्रमाणे उजेडात गेला आणि तो मिळाला नाही. त्याबद्दल माझी तक्रार नाही, कारण सूर्यावर कोणाचा अधिकार चालत नाही.

एनएफएल प्लस या लीगच्या इंटरनेट सेवेची वर्गणी भरून हे समालोचन का ऐकत नाही, हा प्रश्न अजूनही येतो. केंद्रांच्या इंटरनेट प्रवाहावर लीगच्या हक्कांमुळे स्थानिक परिसराबाहेर सामना मिळत नाही, आणि २०२२ पासून ती सोय वर्गणीदारांसाठी आहे, हे खरेच आहे. परंतु १९२४ च्या डिसेंबरात जनरल इलेक्ट्रिकने सुरू केलेले, पार्करजवळच्या एकाच मनोऱ्यावरून ५० किलोवॅटने सर्व दिशांना सारखे प्रक्षेपण करणारे केंद्र सुमारे १,४२५ किलोमीटरवरून स्वतःच्या तारेत पकडण्यात जो आनंद आहे, तो वर्गणीत मिळत नाही. ज्यांना तो आनंद ठाऊक आहे, त्यांच्यासाठीच ही नोंद आहे.

आता मुख्य पेचाकडे वळतो. नकाशावर माझ्या घरापासून केओएची दिशा काढली तर ती २६५ अंश येते, म्हणजे जवळजवळ सरळ पश्चिम. त्याच ८५० वर बोलणारे क्लीव्हलँडचे डब्ल्यूकेएनआर सुमारे ५३० किलोमीटरवर, ९४ अंशांवर आहे, म्हणजे जवळजवळ सरळ पूर्व. दोन्ही केंद्रे माझ्या दृष्टीने एकाच रेषेच्या दोन टोकांवर आहेत आणि फरक आहे तो अवघा नऊ अंशांचा. लूपचा दिशांनुसार ऐकण्याचा आकृतिबंध इंग्रजी आठाच्या आकड्यासारखा असल्यामुळे त्याला समोर आणि पाठ यांतला भेद कळत नाही. क्लीव्हलँडवर नल (अँटेनाला जिथून जवळजवळ काहीच ऐकू येत नाही ती दिशा) नेमका बसवला, तर त्या नऊ अंशांच्या हिशेबाने डेन्वरही सोळा डेसिबलने खाली उतरते. कागदावर हा व्यवहार तरीही फायद्याचा दिसतो, कारण आदर्श नलमध्ये क्लीव्हलँड त्याहून कितीतरी खोल जायला हवे.

प्रत्यक्षात तसे होत नाही, आणि यातच सगळी गोम आहे. जमिनीलगत येणाऱ्या लहरीवर लूपचा नल चाकूसारखा धारदार असतो. दुपारी स्थानिक केंद्रांवर हे कोणीही पडताळून पाहू शकतो. रात्री मात्र ५३० किलोमीटरवरून येणारा संकेत आकाशलहरीने, वरून तिरपा उतरतो, त्याचे ध्रुवीकरण सतत फिरत राहते आणि उभ्या लूपच्या आडव्या भागांनाही तो पकडता येतो. परिणामी नल उथळ होतो आणि एका जागी थांबत नाही. तुम्ही लूप दोन अंश फिरवून क्लीव्हलँड दाबावे, तर मिनिटभरात ते पुन्हा डोके वर काढते आणि डेन्वर मात्र सोळा डेसिबलने खालीच राहते. बरे, ८५० वर केवळ गप्पांचा कार्यक्रम असता तर एक वेळ चालून गेले असते. परंतु डब्ल्यूकेएनआरवर बरीच वर्षे क्लीव्हलँड ब्राउन्सचे सामने ऐकायला मिळत आले आहेत, त्यामुळे एकाच फ्रिक्वेन्सीवर दोन सामन्यांचे दोन समालोचक एकमेकांच्या वाक्यांत घुसतात आणि टचडाउन नक्की कोणाचा झाला, हे कळेनासे होते. ज्यांना जानेवारी १९८७ मधील डेन्वरच्या जॉन एल्वेची क्लीव्हलँडविरुद्धची ती ९८ यार्डांची चाल ठाऊक आहे, त्यांना डेन्वर आणि क्लीव्हलँड यांनी एकाच फ्रिक्वेन्सीवर भांडावे याचे नवल वाटणार नाही. गंमत अशी की १९९६ पासून ब्रॉंकोजचे समालोचन करणारे लोगन स्वतः १९७६ ते १९८३ ब्राउन्सकडूनच खेळले होते.

वेळेचे गणितही लक्षात घ्यावे लागते. डिसेंबरात आमच्याकडे साडेचारच्या आत सूर्य मावळतो, क्लीव्हलँडला आमच्या घड्याळाप्रमाणे चारच्या सुमारास आणि डेन्वरला साडेपाचनंतर. याचा अर्थ असा की संध्याकाळ होता होता आधी पूर्वेकडचा मार्ग अंधारात जातो आणि क्लीव्हलँड चढते. पश्चिमेकडचा मार्ग शेवटच्या टोकापर्यंत काळोखात जाईपर्यंत सामन्याचा उत्तरार्धही बराचसा उलटलेला असतो. सूर्यास्ताला डब्ल्यूकेएनआर आपली ताकद आणि दिशा बदलते आणि केओएच्या संरक्षणासाठी पश्चिमेकडचे प्रक्षेपण आवरते घेते, ही नियमांची कृपाच आहे. तो बदल महिन्यागणिक ठरवून दिलेल्या वेळी, पाव तासाच्या हिशेबाने होतो आणि संगणकाच्या पडद्यावरील स्पेक्ट्रमवर तो साध्या डोळ्यांनी दिसतो. ते दृश्य मी अजूनही दर वेळी थांबून पाहतो.

यावर एकच इलाज होता: एकाच बाजूने ऐकणारा अँटेना. दोन लहान लूप फेझरने (एका अँटेनाचा संकेत दुसऱ्यातून वजा करणाऱ्या डबीने) जोडण्याचा बेत मी मागच्या नोंदीत मांडला होता, तो सोडून दिला आहे. एमएफजे या कंपनीने २०२४ साली स्वतःच्या कारखान्यातले उत्पादन थांबवल्यापासून तिचे १०२६ हे फेझर-यंत्र जुन्या बाजारातूनच मिळवावे लागते आणि मध्यम लहरींवर ते नीट चालण्यासाठी आत फेरफार करावे लागतात. शिवाय सामना चालू असताना दोन-दोन मुठी (नॉब) फिरवत बसणे माझ्या स्वभावाला मानवणारे नाही. त्याऐवजी मागच्या कुंपणालगत पूर्व-पश्चिम असा फ्लॅग, म्हणजे एकाच बाजूने ऐकणारा तारेचा आयत, उभा केला. मासेमारीच्या फायबरग्लासच्या काठ्या, तीन मीटर उंची, सहा मीटर लांबी, पूर्वेच्या उभ्या बाजूत रोधक आणि पश्चिमेच्या उभ्या बाजूत ट्रान्सफॉर्मर. फ्लॅगला जमिनीशी जोडणीची (अर्थिंगची) गरज नसते, हा त्याचा मोठा गुण आहे. एचओएच्या (वसाहतीच्या घरमालक संघटनेच्या) नियमांत तात्पुरत्या काठ्यांविषयी काहीही लिहिलेले नाही, आणि मीही त्यांना विचारायला गेलो नाही.

ट्रान्सफॉर्मरच्या बाबतीत एक सावधगिरीची सूचना. एका ऑनलाइन दुकानाने ७३ मटेरियलचे (७३ हा फेराइटचा एक प्रकार) बायनॉक्युलर, म्हणजे दोन भोकांचे, कोर म्हणून जे पाठवले, त्यांच्या पाकिटावर ७३ छापलेले होते, परंतु गुंडाळी करून इंडक्टन्स मोजला तर तो अपेक्षेच्या एक-तृतीयांश भरला. म्हणजे आत ४३ हे कमी इंडक्टन्स देणारे मटेरियल होते. मध्यम लहरींच्या खालच्या टोकाला याचा फटका बसतो. कोर हाताला आणि डोळ्याला सारखेच लागतात, त्यामुळे गुंडाळण्याआधी एलसीआर मीटरवर दोन वेढे घेऊन पाहावेत. परत पाठवण्याच्या पत्रव्यवहारात गेलेला वेळ मी इथे मोजत नाही.

फ्लॅग उभा राहिल्यावर पहिल्या संध्याकाळी क्लीव्हलँड जेमतेम सहा डेसिबल खाली गेले आणि मी निराश झालो. कारण अँटेनापासून घरात येणाऱ्या कोॲक्स केबलमध्ये सापडले. फ्लॅग मुळातच अत्यंत मंद, म्हणजे फार थोडा संकेत देणारा अँटेना आहे. त्यामुळे केबलच्या बाहेरच्या जाळीवर जे काही येते, ते त्याच्या तुलनेत मोठे ठरते आणि अँटेनाने तयार केलेला नल भरून काढते. केबलच्या दोन्ही टोकांना ३१ मटेरियलच्या मोठ्या रिंगवर कोॲक्सचे वेढे घेऊन चोक (जाळीवरचा प्रवाह अडवणाऱ्या गुंडाळ्या) बसवले, तेव्हा कुठे फ्लॅगची खरी पाठ दिसू लागली. शेजारच्या छतावरील सौर पॅनेलांची करकरही त्याच झटक्यात निम्म्याहून कमी झाली, हा न मागता मिळालेला लाभ.

तरीही एका ठरावीक रोधकाने भागत नव्हते. ९१० ओहमवर एका संध्याकाळी नल सुंदर बसे, तर दुसऱ्या संध्याकाळी क्लीव्हलँड वेगळ्या कोनातून उतरत असल्यामुळे तोच नल सरकलेला असे. पुण्याच्या एका ज्येष्ठ हॅम (हौशी रेडिओवाल्या) काकांशी बोलताना त्यांनी सहज विचारले, की रोधक काठीवरच का हवा, खोलीतून का नको? त्यांच्या सांगण्यावरून रोधकाच्या जागी व्हॅक्ट्रॉल बसवला. एका बंद डबीत एलईडी आणि समोर प्रकाशाने बदलणारा रोधक. एलईडीचा प्रवाह खोलीतल्या मुठीने वाढवला की बाहेर कुंपणावरचा रोध कमी होतो. तिथपर्यंत जाणाऱ्या दोन तारांनाही चोक लागतोच, अन्यथा कोॲक्सचे दुखणे दुसऱ्या वाटेने परत येते.

या मुठीचा परिणाम ऐकण्याआधी डोळ्यांना दिसतो, आणि या वर्षातला सर्वांत समाधानाचा क्षण तोच होता. एअरस्पाय एचएफ प्लस या एसडीआरवर (संगणकाला जोडून चालणाऱ्या रेडिओवर) ८५० चा वाहक (केंद्राची मूळ लहर) अगदी ताणून, हर्ट्झच्या अंशापर्यंत उघडला की तिथे एक रेघ नसून दोन रेघा असतात, कारण प्रत्येक केंद्र नेमक्या ८५०.००० वर बसेलच असे नाही. नियमाने वीस हर्ट्झपर्यंत सवलत आहे. काही हर्ट्झच्या अंतराने शेजारी-शेजारी उतरणाऱ्या त्या दोन रेघांपैकी कोणती कोणाची, हे दुपारीच ठरवून ठेवता येते: डेन्वरकडे अजून ऊन असताना जी एकटीच उजळत जाते, ती क्लीव्हलँडची. रविवारी मूठ हळूहळू फिरवत नेली तशी ती रेघ पिवळ्याची निळी झाली आणि पार्श्वभूमीत विरत गेली, शेजारची मात्र जागच्या जागी राहिली. त्याच वेळी हेडफोनमधली ती धपापणारी, कानाला थकवणारी लाट थांबली. लूपवर दोन्ही रेघा नेहमी एकदमच खाली जात असत.

घराजवळच्या बलाढ्य केंद्रांचा प्रश्न मागे चर्चिला आहेच. डाउनर्स ग्रोव्हच्या मनोऱ्यांवरून १००० वर येणारे, २०२३ पासून शिकागो बेअर्सचे सामने देणारे केंद्र आणि टिन्ली पार्कहून ८९० वर येणारे डब्ल्यूएलएस, ही दोन्ही ५० किलोवॅटची. फ्लॅग मंद असल्यामुळे संकेत वाढवणारा प्रीअँप लागतो, आणि प्रीअँप आला की ही मंडळी त्यात शिरून नसलेली केंद्रे निर्माण करतात. १००० साठी एक नॉच (तेवढीच फ्रिक्वेन्सी दाबणारा फिल्टर) बसवल्यावर ८५० स्वच्छ झाले. ८९० साठी अद्याप काही केलेले नाही, कारण चाळीस किलोहर्ट्झच्या अंतरावर चांगला नॉच करणे हे वेगळेच प्रकरण आहे. प्रीअँपच्या बाबतीत माझे मत ठाम आहे: जाहिरातीत वर्धनाचा आकडा मोठा दाखवणाऱ्यापेक्षा जोरदार संकेत न विस्कटता सहन करणारा घ्यावा, भले तो दहाच डेसिबल देवो.

भारतातून आणलेला संच वापरणाऱ्या मित्रांसाठी जाता जाता: आपल्याकडचे नऊ किलोहर्ट्झचे अंतर इथे उपयोगाचे नाही. ८४६ आणि ८५५ यांच्यामध्ये ८५० कधीच लागणार नाही, तेव्हा आधी ट्यूनिंगची पायरी दहावर आणावी. टेकसनच्या संचांवर हे दोन सेकंदांत होते आणि प्रवासात मी त्यांच्यावरच विसंबतो.

हे लिहीत असतानाच एक नवा विचार डोक्यात आला आहे आणि त्याने पुढचा सगळा क्रम बदलणार, असे दिसते. टीव्हीचा आवाज बंद करून रेडिओचे समालोचन लावणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक आहे, की इंटरनेटवरून येणारे चित्र प्रत्यक्ष खेळाच्या बरेच मागे असते. लोगन टचडाउन सांगून मोकळे होतात तेव्हा पडद्यावर चेंडू अजून चाल सुरू करणाऱ्या सेंटरच्या हातात असतो. आजवर मी ही अडचण सोसत आलो. परंतु एसडीआर संपूर्ण पट्टा डिस्कवर साठवतच असतो, तर तीच नोंद तीस-चाळीस सेकंद मागून वाजवली की आवाज चित्राशी जुळला पाहिजे. शिवाय साठवलेल्या पट्ट्यावर, फ्लॅग आणि जुना लूप या दोन वाहिन्या एकाच घड्याळावर नोंदवल्या, तर उरलेले क्लीव्हलँड संगणकातच वजा करता येईल आणि मूठ फिरवत बसण्याची गरजही संपेल. यासाठी दोन वाहिन्यांचा, एकाच ऑसिलेटरवर चालणारा संच लागतो. तेव्हा दुसरा फ्लॅग उभारण्याचा बेत पुढे ढकलून ते पैसे तिकडे वळवावेत, असे आता वाटते आहे. काहींनी सुचवलेला डेन्वरजवळचा किवी, म्हणजे इंटरनेटवरून ऐकता येणारा दूरचा रेडिओ संच, मी केवळ ऐकलेला मजकूर पडताळण्यासाठी वापरतो. नोंदवहीत त्यावरचे काहीही जात नाही.

तूर्त खरी कसोटी सोमवारच्या रात्रीच्या सामन्याची आहे. सव्वासातला सुरू होणारा सामना पहिल्या किकऑफपासून दोन्ही मार्गांवर अंधारात असतो, त्यामुळे चारही क्वार्टर मिळणे तत्त्वतः शक्य आहे. त्याआधी एक गोष्ट कोणी अनुभवाने सांगू शकेल तर हवी आहे: शून्याखाली वीस अंशांत व्हॅक्ट्रॉलचा रोध बराच सरकतो, असे कालच्या थंडीत दिसले. डबीत थर्मोकोल भरल्यावर आत थोडी ऊब देणारा रोधक ठेवावा, की मुठीलाच जास्त पल्ला द्यावा? ऊब देण्यासाठी जाणारा प्रवाह त्याच तारांवरून न्यावा लागेल आणि त्याने पुन्हा गोंगाट आत येईल, अशी मला शंका आहे.